विदर्भातल्या गावात इलेक्ट्रिक गाडी परवडते का?

इलेक्ट्रिक गाडीचा विषय निघाला की गावात पहिला प्रश्न ठरलेला असतो: चार्जिंग स्टेशन कुठे आहे? आपण आजवर गाडी पंपाच्या हिशोबानेच वापरत आलो, त्यामुळे हा प्रश्न येणारच. पंप दहा-पंधरा किलोमीटरवर, म्हणून किराणा दुकानात बाटलीत पेट्रोल ठेवलेलं असतं आणि वेळेला तेच कामी येतं. पण यवतमाळ, वाशिम किंवा भंडाऱ्याच्या एखाद्या खेड्यातली दुचाकी दिवसभरात किती चालते ते एकदा मोजून पाहा. घरून शेत दोन-चार किलोमीटर, तिथून परत, कधी कृषी केंद्रात, कधी पोरांना शाळेत सोडायला. तालुक्याच्या बाजाराला गेलं तर जाऊन-येऊन तीस-चाळीस. रात्री गाडी घरीच. अशा गाडीला रस्त्यावरचं चार्जिंग स्टेशन महिन्यातून एखाद्या वेळीच लागेल. रोज लागतो तो घरातला प्लग.

म्हणून हा लेख स्टेशनांबद्दल फारसा नाही. ग्रामीण विदर्भात इलेक्ट्रिक गाडी अडते ती घरच्या वायरिंगपाशी, कर्जाच्या हप्त्यापाशी आणि बिघडल्यावर मिस्त्री सापडत नाही तिथे, असं माझं ठाम मत आहे. महामार्गावर कितीही चार्जर उभे राहिले तरी यातलं काहीच सुटत नाही. पण आधी थोडं गणित करू. ते कळलं की शोरूममधल्या बोलण्यातलं खरं किती हे आपलं आपल्याला समजतं.

बॅटरी किती ‘युनिट’ची?

माहितीपत्रकात बॅटरी किलोवॅट-तासात सांगतात. एक किलोवॅट-तास म्हणजे आपल्या वीजबिलावरचं एक युनिट. तीन किलोवॅट-तासांची बॅटरी म्हणजे तीन युनिट वीज साठवणारी बॅटरी. साधारण इलेक्ट्रिक स्कूटर एका युनिटमध्ये तीस ते पस्तीस किलोमीटर जाते. म्हणजे तीन युनिटच्या बॅटरीवर नव्वद-शंभर किलोमीटर. दोघं बसले, वेग साठच्या वर ठेवला, समोरून वारा असला, की हा आकडा ऐंशीवर येतो.

कंपनी मात्र याच गाडीला सव्वाशे-दीडशे किलोमीटर सांगते. तो आकडा प्रयोगशाळेतल्या चाचणीचा असतो. ठरलेला वेग, ठरलेलं वजन, खड्डे नाहीत, चढ नाही. ती चाचणी सगळ्या गाड्यांना सारखीच लावतात, त्यामुळे दोन गाड्यांची तुलना करायला आकडा उपयोगी आहे. आपल्या रस्त्यासाठी त्यातला पाव भाग ते एक तृतीयांश भाग सरळ वजा करायचा.

भरताना भिंतीतून थोडी जास्त वीज लागते, कारण चार्जरमध्ये आणि बॅटरीत थोडी उष्णता होऊन वाया जाते. तीन युनिटची बॅटरी पूर्ण भरायला साडेतीन युनिटच्या आसपास मोजले जातात. घरचा चार्जर बहुधा सातशे-आठशे वॉटचा असतो, म्हणून चार-पाच तास लागतात. शेवटचे वीस टक्के भरायला जास्त वेळ लागतो तेव्हा अनेकांना गाडी बिघडल्यासारखं वाटतं. कापसाची गाडी भरताना सुरुवातीला कापूस पटापट बसतो आणि शेवटी वर चढून तुडवून भरावा लागतो, तसंच आहे हे. बॅटरी भरत आली की तिला इजा होऊ नये म्हणून चार्जर स्वतःच वीज हळू सोडतो.

बिल किती वाढेल?

महावितरणचे घरगुती दर पायऱ्यांचे आहेत. पहिल्या १०० युनिटला एक दर, १०१ ते ३०० ला जवळपास दुप्पट, पुढे आणखी जास्त. २०२४-२५ च्या दरपत्रकात वहन आकार धरून पहिल्या पायरीला सुमारे ५ रुपये ९० पैसे आणि दुसरीला सुमारे ११ रुपये ५० पैसे पडत होते. त्यावर वीज शुल्क धरलं की अंदाजे ७ आणि १३ रुपये. दर अधूनमधून वर-खाली होतात, पण शंभरची पायरी कायम आहे.

इथे एक गैरसमज फार पसरलेला आहे. मीटर शंभरच्या पुढे गेला की सगळेच युनिट महाग होतात, असं लोक धरून चालतात. तसं होत नाही. पहिले शंभर स्वस्त दरानेच लागतात, वरचे तेवढे महाग.

समजा रोजचं तीस किलोमीटर चालणं आहे. महिन्याला साधारण ३२ युनिट लागतील. घरात आधी ८० युनिट जळत असतील तर त्यातले २० युनिट स्वस्त पायरीत बसतील आणि १२ महाग पायरीत. वाढ होईल तीनशे रुपयांच्या आसपास. घरात कूलर, फ्रिज, मोटर असं मिळून आधीच दीडशे युनिट जात असतील तर ३२ च्या ३२ महाग पायरीत जातील आणि बिल सव्वाचारशे रुपयांनी वाढेल. तेवढ्याच ९०० किलोमीटरला लिटरमागे ५५ चं मायलेज देणाऱ्या गाडीला सोळा-साडेसोळा लिटर पेट्रोल लागतं. १०५ रुपये भाव धरला तर सतराशे रुपये. म्हणजे महिन्याला तेराशे-चौदाशे रुपये वाचतात. ऑइल, क्लच, चेन यांचा खर्च त्यात धरलेला नाही.

पण हा हिशोब तीस किलोमीटरचा आहे. रोज आठ-दहा किलोमीटरच चालणं असेल तर महिन्याला साडेचारशे रुपयेच वाचतील आणि गाडीची जास्तीची किंमत वसूल व्हायला पाच-सहा वर्षं जातील. अशा माणसाने घाई करू नये, असं मी स्पष्ट सांगतो. दूध घालणारा, तालुक्याला रोज नोकरीला जाणारा, गावोगाव फिरून वसुली करणारा पतसंस्थेचा प्रतिनिधी, यांना मात्र बचत पहिल्या महिन्यापासून जाणवते.

घरी स्वतःची गाडी चार्ज केली तर घरगुती दरच लागतो, त्यासाठी वेगळं मीटर घ्यावं लागत नाही. छतावर सोलर असेल तर आणखी सोपं. आपल्याकडे एक किलोवॅटचं पॅनल दिवसाला सरासरी चार युनिट देतं आणि स्कूटरला लागतं एक. फेब्रुवारी २०२४ मध्ये सुरू झालेल्या पीएम सूर्यघर योजनेत दोन किलोवॅटपर्यंत किलोवॅटमागे ३० हजार आणि तीन किलोवॅटला ७८ हजार रुपये अनुदान आहे.

प्लगचं तिसरं भोक

आता खरी अडचण. गावातल्या कितीतरी घरांत बोर्डवर तीन भोकांचा प्लग दिसतो, पण तिसऱ्या भोकामागे वायरच नसते. अर्थिंग केलेलंच नाही. मिक्सर, टीव्ही, चार्जिंगची टॉर्च यांचं त्यावाचून निभतं, म्हणून कोणाला उणीव जाणवत नाही. गाडीचा चार्जर मात्र चार-पाच तास सलग वीज ओढतो. अर्थिंग नसेल तर काही चार्जर दोष दाखवून बंद पडतात आणि माणूस शोरूमला शिव्या घालतो. चार्जर चालू राहिला आणि आत कुठे गळती झाली तर गाडीच्या पत्र्याला हात लागताच झटका बसू शकतो. पावसाळ्यात ओल्या ओट्यावर उभं राहून कोणी प्लग लावला तर हे जिवावर बेतू शकतं.

उपाय अवघड नाही. अंगणात खड्डा घेऊन रॉड किंवा प्लेट पुरायची, कोळसा-मीठ भरायचं, तिथून वायर बोर्डापर्यंत आणायची. सोबत जास्त भार आला की वीज तोडणारा चांगला एमसीबी आणि गळती झाली की वीज तोडणारा आरसीसीबी. गाडीच्या प्लगला बोर्डापासून स्वतंत्र जाड वायर. परवानाधारक वायरमन हे काम दिवसभरात करतो आणि खर्च काही हजारांत निघतो. शोरूममध्ये सीट कव्हर आणि बंपरवर एवढे पैसे सहज जातात. मला विचाराल तर गाडी बुक करण्याआधी हे काम करून घ्यावं.

गाडी चार्ज कुठे करायची, याबद्दल आपल्याकडे एक गोष्ट फार कळकळीने सांगावीशी वाटते. भाव पडलेला असला की कापूस घरातच राहतो. एखादी खोली आढ्यापर्यंत भरलेली असते आणि बोर्ड बहुधा त्याच खोलीच्या दारात असतो. तिथे गाडी लावू नका. कुटार, कडबा असलेल्या गोठ्यातही नको. २०२२ च्या उन्हाळ्यात देशात इलेक्ट्रिक स्कूटरना आगी लागल्या, त्यानंतर बॅटरीच्या सुरक्षेचे नियम कडक झाले आणि डिसेंबर २०२२ व मार्च २०२३ अशा दोन टप्प्यांत लागू झाले. नवीन गाडी त्यामुळे पुष्कळ सुरक्षित आहे. तरीही लिथियमची आग एकदा लागली की पाण्याच्या दोन बादल्यांनी विझत नाही, आणि कापसाशेजारी ठिणगीही जास्त होते. ओसरी किंवा अंगणातलं शेड, जिथे हवा खेळते, ती योग्य जागा.

मग लाइन जाण्याचं काय? ‘लाइनीचा काही भरोसा हाय का?’ हा सवाल रास्त आहे. गावठाणाचा फीडर (वीजवाहिनी) शेतीच्या फीडरपासून वेगळा झाला आहे तिथे घरची वीज बऱ्यापैकी टिकते. शेतीला ठरावीक तास मिळते, घराला बहुतेक वेळ. चार-पाच तासांच्या चार्जिंगसाठी चोवीस तास सलग वीज लागत नाही, तुकड्यातुकड्याने भरली तरी चालतं. संध्याकाळी सात ते दहा सगळ्या गावाचे कूलर-दिवे चालू असतात, डीपीवर भार असतो, व्होल्टेज पडतं. त्यापेक्षा रात्री दहानंतर लावलेली बरी. खरी पंचाईत मे-जूनच्या वादळात होते. खांब पडतात, तारा तुटतात आणि दोन-तीन दिवस वीज येत नाही. म्हणून त्या दिवसांत बॅटरी निम्म्याखाली जाऊच द्यायची नाही. घरात एक पेट्रोलची गाडी असेल तर दुसरी इलेक्ट्रिक घेणं, हा मला गावासाठी सगळ्यात शहाणपणाचा मार्ग वाटतो.

ऊन

नागपूरने २३ मे २०१३ रोजी ४७.९ अंश पाहिले आहेत. चंद्रपूर, ब्रह्मपुरी, अकोला इथे पंचेचाळीसच्या वर पारा जाणं हे नवल नाही. लिथियम बॅटरी थंडीपेक्षा अशा उन्हाने लवकर म्हातारी होते. ढोबळ नियम असा की तापमान दहा अंशांनी वाढलं की आतली झीज साधारण दुप्पट वेगाने होते. पूर्ण भरलेली बॅटरी उन्हात उभी राहणं हे त्यातलं सगळ्यात वाईट.

त्यामुळे दुपारी टिनाच्या शेडखाली गाडी ठेवण्यापेक्षा कडूनिंबाची सावली चांगली. टिनाखाली बाहेरच्यापेक्षा जास्त तापतं. दुपारी बाराला शेतातून आलो आणि लगेच प्लग लावला, असं करू नये. तासभर थांबावं, किंवा रात्रीच लावावं. रोज ऐंशी-नव्वद टक्क्यांवर थांबवावं आणि लांब जायचं असेल त्या दिवशीच शंभर करावं.

बॅटरीच्या जातींतही फरक आहे. लिथियम-आयर्न-फॉस्फेटची बॅटरी थोडी जड असते, पण उष्णता जास्त सोसते आणि जास्त वेळा भरता-रिकामी करता येते. निकेल-मँगनीज-कोबाल्टची हलकी असते आणि तेवढ्याच जागेत जास्त वीज साठवते. विदर्भासाठी, बाकी सगळं सारखं असेल तर, मी पहिलीकडे झुकेन. आणि वॉरंटीच्या कागदावर वर्षं आणि किलोमीटर यांच्यासोबत क्षमता किती टक्क्यांखाली गेली तर बॅटरी बदलून मिळेल तेही वाचावं. तो आकडा लिहिलेला नसेल तर विचारून लिहून घ्यावा, कारण बॅटरी बदलायची वेळ आली तर खर्च गाडीच्या किमतीच्या एक तृतीयांश ते निम्मा जातो.

मोटरसायकल का सुटत नाही

२०२४-२५ मध्ये देशात विकल्या गेलेल्या दर शंभर दुचाकींत सहाच्या आसपास इलेक्ट्रिक होत्या. या सहांत जवळपास सगळ्या स्कूटर. शहरात हे चालून जातं. गावात दुचाकी म्हणजे शंभर-सव्वाशे सीसीची मोटरसायकल, आणि त्याला कारण आहे. पाऊस पडला की पांदण रस्त्यावर काळी माती चाकाला धरते, मडगार्डमध्ये भरते, आणि स्कूटरचं लहान चाक तिथेच रुतून बसतं. मोटरसायकलचं मोठं, अरुंद चाक कापत निघून जातं. मागे फवारणीचा पंप, ढेपेचं पोतं, कधी दोघं-तिघं. स्कूटरच्या पायाजवळ युरियाचं ४५ किलोचं पोतं छान बसतं हे खरं, पण त्या वजनाने चिखलात पुढचं चाक सांभाळणं कठीण होतं. शंभर सीसीच्या तोडीची, स्वस्त, शेताच्या रस्त्याला टिकणारी इलेक्ट्रिक मोटरसायकल अजून तालुक्याच्या दुकानात ठळक दिसत नाही. कंपन्यांनी हे मनावर घेतलं नाही, तोवर गावातली इलेक्ट्रिक गाडी डांबरी रस्त्यापुरतीच राहील.

पाण्याची भीती मात्र लोकांना उगाच जास्त वाटते. चांगल्या गाडीची मोटर आणि बॅटरी पाणी आत न जाईल अशी बंद केलेली असते, नाल्याच्या गुडघ्याखालच्या पाण्यातून ती जाते. प्रेशरच्या पाण्याने धुणं टाळावं, एवढंच.

आता हप्ता. तीन युनिटच्या बॅटरीची बरी स्कूटर रस्त्यावर येईपर्यंत लाख ते सव्वा लाखात पडते, शंभर सीसीची मोटरसायकल ऐंशी-नव्वद हजारांत. इलेक्ट्रिकवर जीएसटी ऑगस्ट २०१९ पासून ५ टक्के आहे. पण २२ सप्टेंबर २०२५ पासून ३५० सीसीपर्यंतच्या पेट्रोल दुचाकींवरचा जीएसटी २८ वरून १८ टक्क्यांवर आला, त्यामुळे दोघींच्या किमतीतलं अंतर पुन्हा वाढलं. केंद्राचं अनुदानही आटत गेलं. २०२१ च्या जूनपासून बॅटरीच्या दर युनिट क्षमतेमागे १५ हजार मिळत होते, जून २०२३ पासून १० हजार झाले, मग ५ हजार आणि एप्रिल २०२५ मध्ये ते अडीच हजारांवर आलं.

याहून मोठी गोष्ट पैशाच्या येण्याची आहे. हप्ता दर महिन्याला येतो. शेतकऱ्याच्या घरात पैसा दिवाळीच्या सुमारास सोयाबीनचा येतो, मग कापसाचा, मग तुरीचा. मार्चनंतर सप्टेंबरपर्यंत नुसता खर्च. पीककर्ज गाडीला वापरता येत नाही आणि शोरूममध्ये बसलेल्या फायनान्सवाल्याचा व्याजदर जड असतो. शिवाय इलेक्ट्रिक गाडी पाच वर्षांनी कितीला विकली जाईल याचा अंदाज नसल्याने कर्ज देणाराही हात आखडता घेतो. आपल्याकडे या गाड्या आधी शिक्षक, ग्रामसेवक, आरोग्य कर्मचारी, तालुक्याचे दुकानदार यांच्या दारात दिसू लागल्या, याचं कारण हेच आहे. दर महिन्याला पैसा येतो त्याला हप्त्याची भीती नसते. जिल्हा बँकांनी आणि पतसंस्थांनी वर्षातून दोनदा, पीक निघाल्यावर भरायचा हप्ता ठेवला, तर गावातल्या विक्रीला कुठल्याही अनुदानापेक्षा त्याने जास्त जोर येईल.

सरकारी धोरणातलं गावापर्यंत काय येतं

महाराष्ट्राचं आधीचं इलेक्ट्रिक वाहन धोरण २०२१ चं. नवीन नोंदणीत दहा टक्के गाड्या इलेक्ट्रिक असाव्यात हे त्याचं २०२५ साठीचं लक्ष्य होतं. एप्रिल २०२५ मध्ये मंत्रिमंडळाने नवीन धोरण मंजूर केलं. ते २०३० पर्यंत चालेल, त्यासाठी १,९९३ कोटींची तरतूद आहे, आणि लक्ष्य तीस टक्क्यांचं आहे. दुचाकीला किमतीच्या दहा टक्के सवलत आहे, ठरावीक मर्यादेपर्यंत आणि ठरावीक संख्येच्या गाड्यांना. मोटार वाहन कर आणि नोंदणी शुल्क माफ. इलेक्ट्रिक ट्रॅक्टरलाही सवलतीत जागा मिळाली आहे, ही शेतकऱ्यासाठी खरंच चांगली गोष्ट.

राष्ट्रीय महामार्गांवर दर २५ किलोमीटरला चार्जिंगची सोय आणि समृद्धी महामार्गावर इलेक्ट्रिक कार-बसला टोलमाफी, या दोन घोषणा सगळ्यात जास्त गाजल्या. समृद्धी ७०१ किलोमीटरचा. ११ डिसेंबर २०२२ ला नागपूर-शिर्डी सुरू झाला, ५ जून २०२५ ला पूर्ण झाला. तो नागपूर, वर्धा, अमरावती, वाशिम, बुलडाणा अशा आपल्या जिल्ह्यांतून जातो, कित्येकांच्या शेताला लागून जातो. पण दुचाकीला त्यावर बंदीच आहे. त्यामुळे कारंजा किंवा मेहकरच्या बाजूच्या गावातल्या स्कूटरवाल्याला या टोलमाफीचा एक रुपयाचाही उपयोग नाही. धोरणाचा कल कारवाल्याकडे आहे. अर्थिंगला, तालुक्याच्या सेवा केंद्राला, मिस्त्रीच्या प्रशिक्षणाला तेवढं वजन मिळालं असतं तर गावाला जास्त फायदा झाला असता.

तीन चाकं

तीनचाकींचं चित्र दुचाकीहून अगदी वेगळं आहे. २०२४-२५ मध्ये देशात विकल्या गेलेल्या तीनचाकींपैकी निम्म्याहून जास्त इलेक्ट्रिक होत्या, ई-रिक्षा धरून. कारण साधं. रिक्षा रोज ऐंशी-शंभर किलोमीटर चालते, म्हणून बचतही रोजची आणि मोठी. पश्चिम महाराष्ट्रात ऑटोवाल्याला सीएनजीचा आधार होता. विदर्भात पाइपलाइनचा गॅस बराच काळ तसा पोचला नव्हता आणि २०२२ मध्ये नागपुरात सीएनजीने किलोला १२० रुपये गाठले. त्यामुळे पेट्रोल-डिझेल सोडायचं तर आपल्या ऑटोवाल्यापुढे विजेखेरीज फारसा पर्याय उरला नाही.

मात्र ई-रिक्षा आणि ई-ऑटो यांत गल्लत करू नये. ई-रिक्षा ताशी २५ किलोमीटरची, गावातल्या गावात किंवा स्टँडपासून बाजारापर्यंत ठीक. तिच्यात बहुधा शिशाच्या चार बॅटऱ्या असतात. किंमत कमी, पण आपल्या उन्हात त्यांचं पाणी आटतं, वेळेवर डिस्टिल्ड वॉटर घातलं नाही तर वर्ष-दीड वर्षात संच बदलावा लागतो आणि वर्षभराची बचत त्यात जाते. तालुका ते खेडं अशी काळी-पिवळीसारखी वाहतूक करायची असेल तर सात-आठ युनिटच्या लिथियम बॅटरीचा ई-ऑटो हवा. मालवाहू तीनचाकीसुद्धा इथे बसते. काटोल-वरूडच्या बागेतून जवळच्या मंडीत संत्री, आठवडी बाजारात भाजी, कृषी केंद्रातून खताची पोती, असा ठरलेला चाळीस-पन्नास किलोमीटरचा मार्ग तिला सोयीचा.

भाड्याने चालवणाऱ्याने वेळेचा हिशोब मात्र आधी करावा. मे २०१७ मध्ये नागपुरात इलेक्ट्रिक टॅक्सींचा देशातला पहिला मोठा प्रयोग सुरू झाला, सुमारे दोनशे गाड्यांचा. वर्षभरातच चालक कुरकुरू लागले. चार्जरपाशी रांगेत तास जायचे आणि तेवढ्या वेळच्या फेऱ्या बुडायच्या. अनेकांनी गाड्या परत करून डिझेल मागितलं. रात्री घरी भरलेली बॅटरी दिवसभर पुरेल एवढीच धाव घ्यायची, हा धडा त्यातून सरळ निघतो. दुपारी जेवणाच्या वेळी तासभर प्लग मिळाला तर ती वरकमाई समजावी.

लांबच्या अंतराचं कोडं मात्र अजून सुटलेलं नाही. भामरागडहून गडचिरोली पावणेदोनशे किलोमीटरच्या आसपास. पावसाळ्यात पर्लकोटा नदी पुलावर आली की रस्ता तुटतो, वीजही बेभरवशाची. धारणीहून अमरावती दीडशेच्या आसपास, मध्ये मेळघाटातले घाट. तिथल्या माणसाला आज इलेक्ट्रिक दुचाकी घे असं सांगणं मला प्रामाणिकपणाचं वाटत नाही. तिथे एसटीच आधार आहे. एसटीची पहिली इलेक्ट्रिक ‘शिवाई’ १ जून २०२२ ला पुणे-अहमदनगर मार्गावर धावली, नंतर ५,१५० ई-बसचा मोठा करार झाला, पण बस येण्याला खूपच उशीर होत गेला.

धूर कोणाच्या दारात

हा प्रश्न विदर्भाने विचारायलाच हवा, कारण राज्याच्या विजेची राख आपल्या अंगणात पडते. चंद्रपूरचं औष्णिक केंद्र २,९२० मेगावॅटचं. शिवाय कोराडी, खापरखेडा, पारस, तिरोडा. शहरातली गाडी इलेक्ट्रिक झाली की तिथला धूर जातो आणि त्याचा काही भाग चंद्रपूरच्या चिमणीतून निघतो, हे खरं आहे. तरी हिशोब करून पाहू. एक लिटर पेट्रोल जळलं की सुमारे २.३ किलो कार्बन डायऑक्साइड निघतो, म्हणजे आपल्या मोटरसायकलमागे किलोमीटरला चाळीस-बेचाळीस ग्रॅम. देशातली सगळी वीज एकत्र धरली तर युनिटमागे साधारण पाऊण किलो पडतो, म्हणजे स्कूटरला किलोमीटरमागे पंचवीस ग्रॅमच्या पुढेमागे. फायदा आहे, पण जाहिरातीत दाखवतात तेवढा नाही. जसजशी सौर वीज वाढेल तसा तो वाढत जाईल. चंद्रपूरच्या माणसाला मात्र गाडीच्या नळीइतकीच चिमणीच्या फिल्टरची चिंता आहे, आणि ती चिंता गाड्या बदलून मिटणारी नाही.

मिस्त्री

शेवटी सगळं येऊन थांबतं ते दुरुस्तीवर. मोटरसायकल बंद पडली तर प्रत्येक मोठ्या गावात मिस्त्री आहे. प्लग, कार्बोरेटर, क्लचवायर, सगळं स्टँडवर मिळतं. इलेक्ट्रिक गाडी बंद पडली की टेम्पोत टाकून जिल्ह्याला न्यावी लागते. जाऊन-येऊन दीडशे किलोमीटर, टेम्पोचं भाडं, आणि सुटा भाग यायला किती दिवस लागतील ते कोणी सांगत नाही. तेवढे दिवस दुधाचा रतीब कोणी घालायचा? गावात एकाची गाडी अशी महिनाभर पडून राहिली की पुढची दोन-तीन वर्षं त्या गावात दुसरी येत नाही. किंमत आणि अनुदान यांच्याइतकंच वजन या एका अनुभवाला असतं.

खरं तर या गाडीत बिघडण्यासारखे भाग कमी आहेत. रोजच्या तक्रारी बहुधा चार्जर, कंट्रोलर, थ्रॉटल, जोडणीचे कनेक्टर आणि ब्रेक यांच्याच असतात. मल्टीमीटर धरता येणारा मुलगा थोड्या प्रशिक्षणाने यातलं बरंच करू शकतो. आयटीआयमध्ये इलेक्ट्रिशियन आणि वायरमन तर आहेतच, आता मेकॅनिक इलेक्ट्रिक व्हेईकल हा ट्रेडही आला आहे. अडतं दोन गोष्टींवर. कंपन्या सुटे भाग बाहेर विकत नाहीत, आणि दोष शोधायचं सॉफ्टवेअर फक्त आपल्या केंद्राला देतात. वॉरंटी असेपर्यंत ते समजू शकतं. वॉरंटी संपलेल्या गाडीचा भाग तालुक्याच्या दुकानात मिळाला पाहिजे, आणि राज्य सरकार अनुदान देताना ही अट घालू शकतं.

तोवर घेणाऱ्याने शोरूममध्ये मायलेजच्या आधी विचारावं: सर्वात जवळचं सेवा केंद्र किती किलोमीटरवर आहे, तिथे प्रशिक्षित किती जण आहेत, चार्जर जळाला तर नवा कितीला आणि किती दिवसांत मिळेल, गाडी रस्त्यात बंद पडली तर नेण्याचं भाडं कोण देईल. उत्तरं पक्क्या बिलावर किंवा कंपनीच्या शिक्क्यासह लिहून मागावीत. आणि त्या शोरूममधून वर्षभरापूर्वी गाडी घेतलेल्या जवळपासच्या गावातल्या दोघांचे नंबर घेऊन, पैसे भरण्याआधी त्यांच्याशी बोलून घ्यावं.